३५ हजार फुटांवरचं बटण

गाडी स्थानकात उभी असताना शौचालय वापरू नये, ही रेल्वेची पाटी वाचत आपल्या कितीतरी पिढ्या मोठ्या झाल्या. पाटीचं कारण कुणी समजावून सांगावं लागत नसे. भांड्यातून खाली नजर गेली की रूळ आणि खडी मागे पळताना दिसायची. त्यामुळे आयुष्यात पहिल्यांदा विमानात बसलेल्या माणसाच्या मनात एक शंका हमखास येते आणि शेजाऱ्याला विचारायला मात्र जीभ रेटत नाही. इथलं जातं कुठे? खाली सोडून देतात की काय?

नाही. आणि सोडायचं म्हटलं तरी सोडता येत नाही! वैमानिकासमोर शेकडो बटणं, दिवे, खटके असतात, पण शौचालयाची टाकी रिकामी करण्याचं बटण त्यांत कुठेच नसतं. त्यासाठीची दांडी असते विमानाच्या पोटाखाली, बाहेरच्या बाजूला, एका बंद झाकणाआड. विमान जमिनीवर उभं राहिलं आणि कुणीतरी हातमोजे घालून त्या झाकणापर्यंत गेलं, तरच ती हलते.

म्हणजे सगळं विमानातच राहतं. दिल्लीहून शिकागोपर्यंत, मुंबईहून लंडनपर्यंत, दोनशे-तीनशे माणसांचं सगळं काही बरोबर प्रवास करतं. पण मग तो आवाज कसला? ते बटण दाबल्यावर होणारा ‘घुss फट्’, ज्याने लहान मुलं दचकून आईला बिलगतात आणि मोठी माणसंही आधी दार उघडून ठेवून मगच बटण दाबतात? त्या एका आवाजात विमानाचं सगळं भौतिकशास्त्र भरलेलं आहे.

विमान ३५ हजार फुटांवर असताना बाहेर काय असतं ते आधी पाहू. तापमान उणे ५० अंशांच्याही खाली. हवा इतकी विरळ, की तिचा दाब समुद्रकाठच्या दाबाच्या जेमतेम पाव भाग उरतो. तिथे माणूस उघड्यावर आला तर मिनिटभरात शुद्ध हरपेल. म्हणून विमानाचं कवच घट्ट बंद ठेवून आत सतत हवा भरली जाते. तीही समुद्रकाठासारखी दाट ठेवत नाहीत. सहा ते आठ हजार फुटांच्या डोंगरावर जितका दाब असेल तितका ठेवतात, म्हणजे समुद्रकाठच्या साधारण तीन चतुर्थांश.

आता आकडे शेजारी ठेवा. आत पाऊण, बाहेर पाव. मधला फरक अर्ध्या वातावरणाचा. प्रत्येक चौरस सेंटिमीटरवर सुमारे अर्धा किलो इतका जोर आतून बाहेर जायला टपलेला असतो. खिडकीवर, दारावर, छतावर, सगळीकडे. विमानाचं सगळं शरीर हा जोर पेलण्यासाठी बांधलेलं असतं.

कुणाच्या तरी डोक्यात आलं, की हा जोर फुकट चाललाय. तो कामाला लावला तर?

शहाळ्यात नळी घालून पाणी पितो तेव्हा आपण म्हणतो, पाणी ओढलं. खरं तर आपण काहीच ओढत नाही. गाल आत घेऊन तोंडातला दाब तेवढा कमी करतो, आणि शहाळ्यातल्या पाण्यावर दाब देऊन उभं असलेलं वातावरण ते पाणी वर ढकलतं. विमानातला फ्लश हुबेहूब तेच करतो. शौचालयाच्या टाकीतून एक नळी थेट विमानाच्या कवचाबाहेर उघडते. त्यामुळे उड्डाणात टाकीच्या आतला दाब बाहेरच्या विरळ आकाशाइतकाच पडलेला असतो. वर भांड्यात, तुमच्या बाजूला, केबिनची दाट हवा. दोघांच्या मध्ये एक झडप. बटण दाबलं की ती झडप उघडते आणि केबिनची हवा भांड्यात जे असेल ते पुढे घालून टाकीकडे धाव घेते.

किती जोरात? भांड्याखालचा पाइप साधारण दोन इंची धरा. त्याच्या तोंडाचं क्षेत्रफळ होतं सुमारे २० चौरस सेंटिमीटर. प्रत्येक चौरस सेंटिमीटरला अर्धा किलो, म्हणजे १० किलोंचा ढकला! एवढ्याशा तोंडावर. आणि तो देण्यासाठी कुठली मोटर नाही, पंप नाही, विजेचा खर्च नाही. प्रवाशांना जिवंत ठेवण्यासाठी जो दाब ठेवावाच लागणार होता, तोच जाता जाता हे काम करून टाकतो. मला या सगळ्या रचनेतली सर्वांत देखणी गोष्ट हीच वाटते.

इथे कुणी विचारेल, विमानाला असं भोक पाडून केबिनची हवा बाहेर जाऊ दिली तर आतला दाब घसरणार नाही का? शंका रास्त आहे. पण विमानातली हवा तशीही कोंडून ठेवलेली नसते. एका बाजूने ताजी हवा सतत आत येते, दुसऱ्या बाजूने एक मोठी झडप ती मोजूनमापून बाहेर सोडत राहते. दोन-तीन मिनिटांत केबिनची जवळजवळ सगळी हवा बदललेली असते. या अखंड वाहत्या प्रवाहात फ्लशच्या चार सेकंदांची हवा म्हणजे किरकोळ खर्च. पलीकडची मोठी झडप जरा मिटते आणि हिशेब जुळतो.

बटण आणि आवाज यांच्यामध्ये एक छोटासा थांबा असतो, तो तुमच्या लक्षात आलाय? त्या क्षणभरात बरंच काही घडतं. बटण झडपेला थेट जोडलेलं नसतं. ते एका छोट्या नियंत्रकाला निरोप देतं. नियंत्रक आधी टाकीत जागा आहे ना ते पाहतो. मग भांड्याच्या कडेने बसवलेल्या कड्यातून पाण्याची पातळ धार सोडतो. मग खालची झडप उघडते, काही सेकंद उघडी राहते आणि पुन्हा घट्ट मिटते. मिटल्यावर टाकी आणि तुम्ही यांचा संबंध संपला. म्हणूनच एका छोट्याशा बंद खोलीत दोनशे माणसं येऊन गेली तरी टाकीतला वास वर येत नाही.

पण विमान जमिनीवर असेल तर? किंवा नुकतंच उडालं असेल तर? तेव्हा आत आणि बाहेर दाब जवळजवळ सारखाच असतो. ढकलायला कुणी नाही. त्यासाठी टाकीजवळ एक निर्वात यंत्र बसवलेलं असतं. ते टाकीतली हवा बाहेर फेकून कामापुरती पोकळी तयार करतं. उंची कळणारा एक खटका त्याच्यावर नजर ठेवून असतो. साधारण १६ हजार फुटांच्या वर गेलं की यंत्र बंद, पुढचं काम आकाशाकडे. उतरताना १६ हजारांच्या खाली आलं की यंत्र पुन्हा हजर. प्रवाशाला या बदलीचा पत्ताही लागत नाही.

आता पाण्याकडे वळू, कारण खरी चकित करणारी बचत तिथे आहे. घरच्या फ्लशला दर वेळी साधारण सहा लीटर पाणी लागतं, जुन्या टाक्यांना त्याहून जास्त. तिथे पाणी दोन कामं करतं. धुतं आणि वाहून नेतं. खरं तर बहुतेक पाणी वाहून नेण्यातच जातं. विमानात वाहून न्यायचं काम हवेने अंगावर घेतलं, तेव्हा पाण्याकडे उरलं फक्त धुणं. त्यासाठी किती लागतं? सुमारे पाव लीटर, कधी त्याहूनही कमी. एक पेलाभर! भांड्याला आतून न चिकटणारा गुळगुळीत लेप असतो, म्हणून एवढ्याशा पाण्यावर भागतं.

समजा, एका फेरीत दीडशे वेळा फ्लश झाला. घरच्या हिशेबाने ९०० लीटर पाणी, म्हणजे ९०० किलो वजन आकाशात चढवावं लागलं असतं. पेल्याच्या हिशेबाने चाळीस किलोंच्या आत भागतं. विमानाच्या जगात प्रत्येक किलोला इंधन मोजावं लागतं, त्यामुळे हा फरक किती मोठा आहे ते वेगळं सांगायला नको. इंडिगो किंवा एअर इंडियाच्या ज्या एअरबस ए३२० विमानांतून आपण पुण्याहून दिल्लीला जातो, त्या विमानात स्वच्छ पाण्याची टाकी अवघी २०० लीटरची असते आणि शौचालयाची टाकी सुमारे १७० लीटरची. जवळपास १८० प्रवाशांचं सगळं त्यात बसतं.

बेसिनचं पाणी मात्र या टाकीत जात नाही. हात धुतलेलं पाणी विमानाच्या पोटाखालच्या एका छोट्या, पात्यासारख्या नळीतून बाहेर सोडलं जातं. ती नळी विजेने गरम ठेवतात, नाहीतर तोंडाशीच बर्फ साचेल. बाहेरच्या वाऱ्यात त्या पाण्याचे तुषार होऊन ते विरून जातं. म्हणजे खाली काहीतरी सोडतात, ही समजूत अगदीच निराधार नव्हती. फक्त जे सोडतात ते हात धुतलेलं पाणी.

आणि तो आवाज? अमेरिकेतल्या युटा राज्यातल्या ब्रिगहॅम यंग विद्यापीठातले भौतिकशास्त्रज्ञ चक्क याच आवाजाचा अभ्यास करत बसले. त्यांनी मोजलं तेव्हा पाइपातलं हवा आणि तुषारांचं मिश्रण ताशी ३०० मैलांहून, म्हणजे ४८० किलोमीटरहून अधिक वेगाने जात असल्याचं आढळलं. ध्वनीच्या वेगाच्या जवळपास निम्म्याने! एवढ्या वेगाची हवा वाटेत कुठेही वळली, आपटली की किंचाळणारच. त्यांना आवाजाचे तीन टप्पे दिसले. झडप उघडताना एक उसळी, पूर्ण उघडी असताना मधला सलग घोष आणि मिटताना शेवटची उसळी. मग त्यांनी काय केलं? भांडं आणि झडप यांच्यामध्ये थोडा जास्त पाइप घातला आणि त्याचं वळण ऐसपैस केलं. एवढ्यावर झडप उघडतानाच्या आवाजात १६ डेसिबलपर्यंत घट झाली. २०१९ साली त्यांनी हे जाहीर केलं. कुणी म्हणेल, विद्यापीठातल्या माणसांना दुसरं काम नाही का? मला तर असे प्रश्न हाती घेणाऱ्यांबद्दल फार आदर वाटतो. रोज लाखो माणसं दचकतात त्या गोष्टीकडे कुणीतरी माइक रोखून शांतपणे पाहिलं पाहिजे ना!

ही पद्धत येण्याआधी काय होतं, तेही पाहण्यासारखं आहे. विमानं लहान होती, खाली उडत होती, तेव्हा बादल्या आणि रासायनिक डबे चालायचे. १९३०च्या दशकातल्या स्ट्रॅनरेर नावाच्या ब्रिटिश उडत्या बोटीत शौचालयाचं भोक सरळ बाहेर उघडत असे, आणि झाकण उचललं की वारा आत घुसून शीळ घालायचा. जेट विमानं आली तेव्हा प्रत्येक शौचालयाखाली एक टाकी बसवली गेली आणि तिच्यात निळं, वासाचं, जंतुनाशक द्रव्य भरलं गेलं. फ्लश केलं की तेच द्रव्य गाळणीतून पुन्हा वर येऊन भांडं धुवायचं. तेच, पुन्हा तेच. मुंबई ते न्यूयॉर्कच्या प्रवासाच्या शेवटी त्या द्रव्याची काय अवस्था होत असेल, याची कल्पना न केलेली बरी. शिवाय सगळं गुरुत्वाकर्षणावर चालणारं, त्यामुळे टाकी भांड्याच्या बरोबर खालीच हवी. मोठ्या विमानात जितकी शौचालयं, जवळपास तितक्या टाक्या, तितकं द्रव्य, तितकं वजन.

हवेच्या दाबाने मैला वाहून न्यायची कल्पना जमिनीवर आधी आली होती. स्वीडनचे योएल लिलियेंडाल यांनी १९५०च्या दशकात निर्वात शौचालयाची पद्धत उभी केली. विमानासाठीच्या निर्वात शौचालयाचं पेटंट १९७५ साली जेम्स केम्पर यांच्या नावे झालं आणि १९८२ साली बोइंगने ते पहिल्यांदा विमानात बसवलं. त्यानंतर टाक्यांचं सगळं गणितच उलटलं. हवा ढकलणार असेल तर मैला आडवा जाऊ शकतो, वळसे घेऊ शकतो, थोडा वरही चढू शकतो. मग टाकी भांड्याखाली कशाला? ती विमानाच्या शेपटाकडे नेली. ए३२० मध्ये पुढच्या शौचालयातून निघालेली गोष्ट पायाखालच्या पाइपातून साधारण २५ मीटर मागे जाते. तुमच्या सीटखालून, तुमच्या बॅगांच्या वरून, तुम्हाला पत्ता न लागू देता.

टाकीच्या तोंडाशी आणखी एक कारागिरी आहे. आलेल्या मिश्रणात हवा आहे, पाणी आहे, मैला आहे. यातली फक्त हवा बाहेर जायला हवी. त्यासाठी मिश्रणाला गोल फिरवतात. जड ते कडेला आपटून खाली टाकीत पडतं, हलकी हवा मधून निसटून नळीवाटे बाहेर जाते. टाकीच्या अंगावरचे संवेदक पातळी मोजत राहतात, आणि ती केबिन क्रूला त्यांच्या पॅनेलवर दिसते. टाकी भरली की नियंत्रक फ्लशला नकार देतो. एकदा नकार दिला की त्या टाकीला जोडलेली सगळी शौचालयं बंद.

टाकी भरण्यापेक्षा पाइप तुंबणं जास्त वेळा घडतं. मार्च २०२५ मध्ये एअर इंडियाचं शिकागोहून दिल्लीला निघालेलं बोइंग ७७७ तासन् तास उडून पुन्हा शिकागोला परतलं. बारापैकी आठ शौचालयं बंद पडली होती. पाइपांतून निघाल्या पॉलिथिनच्या पिशव्या, चिंध्या आणि कपडे. दोन इंची पाइपात कापड अडकलं की १० किलोंचा ढकलाही त्याला हलवत नाही, उलट आणखी घट्ट बसवतो. एका माणसाने टाकलेल्या चिंधीने शेकडो माणसांचा प्रवास मोडतो. मला या घटनेचा राग येतो, कारण इतकी सुंदर रचना मोडायला फक्त एक बेपर्वा हात पुरतो.

आता आकाशातून पडणाऱ्या निळ्या बर्फाची गोष्ट. जानेवारी २०१८ मध्ये हरियाणातल्या गुरुग्राम जिल्ह्यात फाजिलपूर बादली या गावात शेतात आभाळातून बर्फाचा मोठा गोळा पडला. गावकरी धावले. अंतराळातून काही आलं असावं, असं वाटून काहींनी तुकडे घरी नेले आणि फ्रिजमध्ये ठेवले! तो विमानाच्या शौचालयातून गळलेला बर्फ असावा, असा अधिकाऱ्यांचा अंदाज होता.

वर म्हटलं ना, सोडता येत नाही? मग हे कसं? हे सोडलेलं नसतं, गळलेलं असतं. टाकी रिकामी करायच्या बाहेरच्या तोंडाला एक झाकण आणि आत एक झडप असते. तिथलं रबर झिजलं किंवा झाकण नीट बसलं नाही, तर थेंब थेंब बाहेर येतो. उणे ५० अंशांत तो क्षणात गोठतो. थरावर थर चढतात. टाकीत आधीच घातलेल्या जंतुनाशकाचा रंग निळा, म्हणून बर्फही निळा. विमान उतरायला लागतं, खालची हवा उबदार असते, गोळ्याची पकड सुटते. म्हणूनच असे गोळे बहुधा विमानतळाच्या आसपासच्या वस्त्यांच्या वाट्याला येतात. दिल्ली विमानतळाजवळ राहणाऱ्या एका निवृत्त लेफ्टनंट जनरलनी घरावर घाण पडते म्हणून राष्ट्रीय हरित लवादाकडे दाद मागितली होती. डिसेंबर २०१६ मध्ये लवादाने आदेश दिला, की आकाशात अशी घाण सांडल्याचं आढळलं तर विमान कंपनीला ५० हजार रुपये पर्यावरण भरपाई भरावी लागेल.

गळतीने याहून भयंकरही करून दाखवलं आहे. बोइंग ७२७ विमानाची तिन्ही इंजिनं शेपटाशी होती. पुढच्या शौचालयाच्या तोंडाशी बर्फ जमला आणि सुटला, तर वाऱ्याबरोबर तो अंगालगत मागे जात थेट उजव्या इंजिनाच्या तोंडात. एप्रिल १९८५ मध्ये अमेरिकन एअरलाइन्सच्या आणि जानेवारी १९९० मध्ये नॉर्थवेस्टच्या ७२७ चं इंजिन असंच उड्डाणात तुटून खाली पडलं. आख्खं इंजिन! वेगाने फिरणारं इंजिन एकदम अडलं तर त्याचा पीळ विमानाच्या अंगाला जाऊ नये, म्हणून त्याला धरणाऱ्या खिळ्या ठरावीक जोरापलीकडे तुटतील अशाच केलेल्या असतात. त्या तुटल्या, इंजिन गेलं, विमान राहिलं. दोन्ही विमानं सुखरूप उतरली. एका झिजलेल्या रबरी कड्यामुळे एवढं घडू शकतं. म्हणून आज यंत्रतपासनीस त्या झाकणापाशी निळा डाग तर दिसत नाही ना, हे डोळ्यांत तेल घालून पाहतात.

विमान उतरलं, पार्किंग बेला लागलं, की कामाला येणारी माणसं कोण असतात? आपण खिडकीतून बॅगांची गाडी पाहतो, जेवणाची गाडी पाहतो. शेपटाखाली गुपचूप येऊन थांबणारी टॉयलेट कार्ट सहसा नजरेस पडत नाही. हातमोजे आणि चष्मा घातलेला एक कर्मचारी ते झाकण उघडतो, चार इंची जाड होज जोडतो, कडी घट्ट बसली ना ते चाचपतो आणि मगच ती दांडी ओढतो. इथे मात्र निर्वात नाही, ढकला नाही. साधं गुरुत्वाकर्षण. टाकी रिकामी झाली की दुसऱ्या नळीने आतून धुतात आणि पुढच्या फेरीसाठी थोडं निळं द्रव्य आत सोडून ठेवतात. जुलैच्या पावसात, मेच्या उन्हात, मध्यरात्री, विमान निघायला पाऊण तास असताना हे चालतं.

या कामाचा एक नियम मला फार मोलाचा वाटतो. पिण्याच्या पाण्याची गाडी आणि टॉयलेट कार्ट, दोन्हींवर एकच माणूस काम करत नाही. गाड्या वेगळ्या, होज वेगळे, त्या ठेवायच्या जागा वेगळ्या. जगभर हीच शिस्त आहे. आणि दुसरी गोष्ट म्हणजे सगळी जोडणी बंदिस्त असते. आपल्या देशात मैला हाताने उचलायला लावण्याचा इतिहास किती जुना आणि किती लाजिरवाणा आहे हे आपण जाणतो. गटारात उतरून माणसं आजही मरतात. अशा देशात एका माणसाने अंगाला शिंतोडा न लागू देता, एका दांडीच्या ओढीने दोनशे माणसांचा मैला वळता करणं, ही मला विमानाच्या उडण्याइतकीच मोठी गोष्ट वाटते. कार्टमधला मैला पुढे विमानतळावरच्या ठरलेल्या जागी जातो, दळला जातो आणि सांडपाणी शुद्धीकरणाच्या वाटेला लागतो.

रेल्वेही आता त्या वाटेला लागली आहे. आधी डब्यांखाली जैवशौचालयाच्या टाक्या आल्या, मैला पचवणारे जिवाणू घातलेल्या. मग वंदे भारत गाड्यांत जैव-निर्वात शौचालयं आली. मुंबई-सोलापूर वंदे भारतमध्ये बटण दाबलं की जो आवाज येतो, तो विमानातल्याच आवाजाचा भाऊ आहे. फक्त रुळांवर बाहेरचं आकाश मदतीला नसतं, त्यामुळे पोकळी दर वेळी यंत्रालाच तयार करावी लागते.

पण इतका वेळ आपण या टाकीकडे विल्हेवाट लावायची वस्तू म्हणूनच पाहत होतो. डेन्मार्कच्या तांत्रिक विद्यापीठातल्या संशोधकांनी तिच्याकडे वेगळ्याच नजरेने पाहिलं. विमान म्हणजे एका शहरातून निघालेली शेकडो माणसं, आणि टाकी म्हणजे त्या सगळ्यांच्या आतड्यांचा एकत्र नमुना! त्यांनी कोपनहेगनला उतरलेल्या १८ आंतरराष्ट्रीय विमानांच्या टाक्यांतून नमुने घेतले. विमानं आली होती जगाच्या तीन भागांतल्या नऊ शहरांतून. त्यातला सगळा डीएनए वाचला. दक्षिण आशियातून आलेल्या विमानांत प्रतिजैविकांना दाद न देणारी जनुकं उत्तर अमेरिकेतून आलेल्यांपेक्षा जास्त सापडली, साल्मोनेला आणि नोरोव्हायरसही जास्त. उत्तर अमेरिकेकडून आलेल्या विमानांत क्लॉस्ट्रिडियम डिफिसाइल नावाचा, रुग्णालयांना छळणारा जिवाणू जास्त. २०१५ साली हे प्रसिद्ध झालं, करोनाच्या पाच वर्षं आधी.

करोना आल्यावर ही कल्पना विमानतळावर उतरली. ऑगस्ट-सप्टेंबर २०२२ मध्ये अमेरिकेच्या रोग नियंत्रण केंद्राने न्यूयॉर्कच्या जेएफके विमानतळावर ब्रिटन, नेदरलँड्स आणि फ्रान्समधून येणाऱ्या विमानांचे नमुने घेऊन पाहिले. कार्टचा होज आणि विमान यांच्यामध्ये एक छोटं उपकरण जोडलं. टाकी नेहमीसारखी रिकामी होत असतानाच त्यातून नमुना वेगळा निघाला. एका विमानाला जादा वेळ लागला सुमारे तीन मिनिटं. ८० नमुन्यांपैकी ६५ मध्ये करोनाचा विषाणू सापडला. त्यांतून विषाणूचे २७ जनुकीय आराखडे वाचता आले आणि सगळे ओमिक्रॉनच्या कुळातले निघाले. कोणता नवा प्रकार कुठून देशात शिरतोय हे यातून कळू शकतं. प्रवासी तोवर बॅगा घेऊन टॅक्सीत बसलेले असतात. त्यांच्यापैकी कुणालाही थांबवावं लागत नाही, कुणाचं नाव विचारावं लागत नाही, कुणाच्याही नाकात काडी घालावी लागत नाही.